सोलापुरातला फौजी कट: टोपीच्या पट्ट्याखाली काय उरतं ते बघा

सोलापुरात नुसतं ‘फौजी कट मारा’ एवढं बोलून खुर्चीत बसलात तर दुकानागणिक वेगळं डोकं घेऊन बाहेर पडाल. सोरेगावकडं, राज्य राखीव पोलीस बलाच्या गट क्रमांक 10 च्या आसपासची दुकानं जे कापतात, ते लष्कर भागातल्या जुन्या सलूनमध्ये मिळत नाही. आणि सात रस्ता, जुळे सोलापूरकडच्या एसी सलूनमध्ये ज्याला फौजी म्हणतात त्याला कुठलाही हवालदार फौजी म्हणणार नाही. तिन्हीकडं हात चांगले आहेत. पण भरतीला जाणारा पोरगा, सुट्टी संपवून परत निघालेला जवान आणि एनसीसीचा कॅडेट या तिघांना लागतं ते वेगवेगळं, म्हणून हा आढावा.

दुकानांची नावं मुद्दाम दिलेली नाहीत. या धंद्यात खुर्चीमागचा कारागीर बदलला की पाटी तीच राहते आणि दुकान बदलतं. भाग सांगितले आहेत आणि परीक्षा कशी घ्यायची ते सांगितलं आहे, एवढ्यावर काम होतं.

आधी नियमाचं बघू, कारण त्याबद्दल सलूनमध्ये बसून जितक्या थापा ऐकायला मिळतात तितक्या चहाच्या टपरीवरही मिळत नाहीत. ‘सैन्यात केस इतकेच मिलिमीटर लागतात’ असं कुणी छातीठोक सांगत असेल तर सोडून द्या. हवाई दलाच्या 1964 च्या नियमावलीतला 425 वा नियम केस नीट कापलेले आणि छाटलेले असावेत म्हणतो, मिशी ठेवलीच तर ती माफक लांबीची. मिलिमीटरचा आकडा नाही. ज्यांच्या धर्मात केस कापायला किंवा दाढी करायला मनाई आहे त्यांना सूट आहे, म्हणून शीख जवानांचे केस आणि दाढी कायम, तीही नीट बांधलेली. याच नियमावर 15 डिसेंबर 2016 रोजी सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला आणि दाढीवरची बंदी टिकली. नौदलात मात्र कमांडिंग ऑफिसरची परवानगी घेऊन दाढी ठेवता येते. आता आकडा नाही म्हटल्यावर ‘नीट’ म्हणजे किती हे ठरवतो परेडला समोर उभा असलेला माणूस. आणि तो बघतो काय? बेरेचा, म्हणजे गोल फौजी टोपीचा, पट्टा भुवईच्या वर साधारण एक इंचावर, डोक्याभोवती सरळ बसतो. त्या पट्ट्याखाली कानाभोवती, मानेवर आणि कल्ल्यांपाशी जे दिसतं तेच तपासलं जातं. टोपीच्या आत तुम्ही काय कोरलं आहे याचं त्याला फारसं पडलेलं नसतं.

म्हणून कारागिराची पहिली परीक्षा अगदी सोपी आहे. त्याला विचारा, ‘मशीन कुठपर्यंत नेणार?’ जो टोपीची रेघ बोटानं दाखवून सांगतो त्याच्या खुर्चीत बसा. जो ‘झिरो मारू का?’ एवढंच विचारतो त्याच्याकडं दुसऱ्या दिवशी परेड-बिरेड काही नसेल तरच बसा.

नीट केलेला फौजी कट असा होतो. डोकं धुतलेलं आणि कोरडं हवं. तेल चोपडून गेलात तर केस एकमेकांना चिकटतात, मशीनच्या दातात नीट शिरत नाहीत, ओढले जातात आणि पातं लवकर तापतं. मग दोष मशीनला. सुरुवात दोन नंबरच्या गार्डनं (मशीनवर चढवायचा कंगवा), म्हणजे 6 मिलिमीटर. केसांच्या वाढीच्या उलट दिशेनं, खालून वर, टोपीच्या रेघेपर्यंत सगळीकडून. मग एक नंबर, 3 मिलिमीटर: बाजूनं कानाच्या वर दोन बोटं, मागं डोक्याच्या हाडाचा जो उंचवटा हाताला लागतो तिथपर्यंत. त्या उंचवट्याच्या वर एक नंबर नेला की डोकं मागून चपटं दिसायला लागतं. सगळ्यात खाली, मानेच्या कडेला एक बोटभर, अर्धा नंबर किंवा गार्ड काढून, मशीनच्या बाजूचा लिव्हर बंद करून. आता एक आणि दोन नंबरच्या मध्ये जी पायरी दिसते ती मोडायची. एक नंबरचं गार्ड ठेवून लिव्हर उघडला की लांबी साधारण साडेचारपर्यंत जाते. तेवढ्या पट्ट्यात मनगट बाहेर वळवत मशीन उचलायचं. सगळी कारागिरी या मनगटात आहे. मशीन डोक्याला चिकटवून सरळ वर नेणाऱ्याच्या हातून पायरी मोडत नाही, फक्त वर सरकते.

वरच्या केसांना कात्रीच हवी. पुढं एक ते सव्वा इंच, मागं जाताना कमी. कंगव्यानं पुढं ओढल्यावर केस टोपीच्या पट्ट्याबाहेर, कपाळावर येता कामा नयेत. हे खुर्चीत बसल्या बसल्या तळहात कपाळावर आडवा धरून बघता येतं.

घोटाळा बहुतेक वेळा भोवऱ्यापाशी होतो. तिथं केस गोल फिरतात, त्यामुळं मशीन कुठल्याही बाजूनं नेलं तरी अर्ध्या केसांच्या उलट आणि अर्ध्यांच्या सुलट जातं. एकाच नंबरनं एका बाजूला चामडी दिसते आणि दुसऱ्या बाजूला केस उभे राहतात. जाणता कारागीर भोवऱ्यावर आधी दोन बोटं ठेवून केस कसे फिरतात ते बघतो, आजूबाजूपेक्षा एक नंबर जास्त ठेवतो आणि शेवट कात्रीनं करतो. ज्यांच्या डोक्यावर दोन भोवरे आहेत त्यांनी हे बसतानाच सांगावं. दोन भोवऱ्यांवरून लग्नाचे विनोद करणारे पुष्कळ भेटतील, पण कापताना ते ध्यानात ठेवणारे कमी.

दुसरा घोटाळा मानेवरचा. एसी सलूनमध्ये मानेवर वस्तऱ्यानं चौकोनी रेघ कोरायची फॅशन आहे. त्या दिवशी झकास दिसते. केस महिन्याला साधारण एक ते सव्वा सेंटिमीटर वाढतात, म्हणजे दिवसाला 0.3 ते 0.4 मिलिमीटर. पाच-सहा दिवसांत रेघेखालचे खुंट दोन मिलिमीटरचे होतात आणि मानेवर काळी सावली दिसते. रेघ जितकी वर, सावली तितकी मोठी. मानेची कड नैसर्गिक ठेवून खाली बारीक होत जाणारी केली की वाढलेले केसही नजरेत येत नाहीत. ‘मान कोरू नका, बारीक करत सोडा’ एवढं वाक्य पुरतं. कल्ल्यांनाही हाच हिशोब: कानाच्या मध्याच्या आसपास, आडवे सरळ, दोन्ही बाजूंना एका पातळीत. तिरके, टोकदार कल्ले मागू नका. पातळी मोजताना कारागिरानं समोर उभं राहून आरशात बघावं. बाजूनं मापणाऱ्याचा एक कल्ला हमखास खाली येतो, कारण आपले कानच एका उंचीवर नसतात.

तिसरं, मोबाइल दाखवून कापून घेणं. पोरं जो फोटो दाखवतात तो बहुतेक अमेरिकन मरीनचा ‘हाय अँड टाइट’ असतो: बाजू पार साफ आणि वर झाडासारखा पुंजका. मरीनच्या नियमात वर तीन इंचांपर्यंत केस चालतात. आपल्याकडं तसा पुंजका टोपीतून बाहेर आला की ‘हे काय आहे?’ असा प्रश्न येतो, आणि त्याचं उत्तर युनिटचा नाई मशीननं देतो.

आता भागवार. सोरेगाव-विजापूर रोडच्या बाजूची साधी दुकानं या कामाला सगळ्यात भरवशाची. रोजचं गिऱ्हाईकच वर्दीतलं, त्यामुळं हात बसलेला. टोपीची रेघ सांगावी लागत नाही, कल्ले सरळ येतात, भावही साधा. खोट दोन ठिकाणी आहे. एक, घाई. नीट कटला पंचवीस मिनिटं लागतात. रविवारी सकाळी तिथं दहा मिनिटांत डोकं उरकतात आणि पायरी तशीच राहते. दुसरी, वरच्या केसांवरही मशीन फिरवायची सवय. कात्रीसाठी आवर्जून थांबवावं लागतं.

लष्कर भागाचं नावच जुन्या छावणीवरून पडलेलं. तिथं आणि नव्या पेठेच्या गल्ल्यांत भिंतीवर संत सेना महाराजांची तसबीर आणि लाकडी खुर्ची असलेली जी थोडी सलून उरली आहेत, त्यांची कात्री बघण्यासारखी आहे. कंगव्यावर कात्री चालवून मशीनशिवाय कानाभोवतीचा उतार काढणारे हात आता कमी राहिलेत. सुट्टीवर आलेल्या जवानानं, ज्याला केस कापायचे आहेत पण गावातल्या लग्नात बरंही दिसायचं आहे, इथंच जावं. भरतीच्या पोरानं मात्र इथला उतार थोडा लांब पडतो हे लक्षात घेऊन ‘खाली एक नंबर मारा’ असं स्पष्ट सांगावं. इथले काका मशीनवर नाराज असतात, पण सांगितलं की करतात.

एसी सलूनचा फेड, म्हणजे खालून वर हळूहळू दाट होत जाणारा उतार, कारागिरी म्हणून फार सुरेख असतो. दोन-तीन पट पैसे, गार हवा, मागून आरसा दाखवतात, पायरी नावाला दिसत नाही. पण तो फेड बाजूनं फार वर चढतो आणि आठवड्यात विस्कटतो. शिवाय जेल, स्प्रे, ‘सर, फेशियल घ्या’ हे वेगळं. ‘लो फेड, रेघ नको, वर सव्वा इंच’ असं बोलून घेतलं तर काम चांगलं होतं. ट्रेनिंग सेंटरला रुजू व्हायला निघालेल्यांनी इथं पैसे घालू नयेत. तिथं पोचल्यावर सगळ्यांना एकाच मापात बारीक करतात, तुमचा फेड पहिल्या दोन दिवसांत जमिनीवर असतो.

स्वच्छतेबाबत तिन्ही भागांत सारखीच तक्रार आहे, आणि सोलापुरात ती जास्त टोचते. ज्या शहराच्या चादरीला आणि टेरी टॉवेलला भौगोलिक मानांकन आहे, तिथल्या सलूनमध्ये एकच टॉवेल सकाळपासून दहा मानांवरून फिरतो! घरचा एक छोटा नॅपकिन खिशात टाकून न्या, कुणी काही म्हणत नाही. पाण्याचीही तीच गत. नळाला रोज पाणी नाही, त्यामुळं दुकानात ड्रममधलं साठवलेलं किंवा बोअरचं पाणी. बोअरचं पाणी जड. साबणाचा फेस नीट होत नाही, पातळ फेसावर वस्तरा घासतो आणि मानेवर पुरळ उठतं. दाढी करून घ्यायची तर ट्यूबमधली क्रीम नेऊन हातानं लावायला सांगा. ब्रशही त्यामुळं टळतो, तोही सगळ्यांच्या गालावरून आलेला असतो.

पातं तुमच्यासमोर पाकिटातून काढून, मोडून, अर्धं वस्तऱ्यात घालायला हवं. ‘आत्ताच बदललंय’ हे उत्तर चालत नाही. हिपॅटायटिस बी चा विषाणू शरीराबाहेर निदान सात दिवस जिवंत राहतो, पात्यावर रक्त दिसायलाच हवं असं नाही. तुरटीचा खडा हा सगळ्यात दुर्लक्षित प्रकार: कापलेल्या जागेवर चोळतात आणि तोच ओला खडा पुढच्याच्या हनुवटीवर. तुरटी हवीच असेल तर पाण्यात विरघळवून बाटलीतून मारणाऱ्याकडं जा, नाहीतर नको म्हणा. मशीनचं पातं ब्रशनं झाडून, स्पिरिटचा फवारा मारून, ते वाळू देऊन मग तेलाचे दोन-तीन थेंब, हा क्रम. नुसतं फुंकर मारून पुढच्या डोक्याला लावलं की नायटा एका डोक्यावरून दुसऱ्यावर जातो. वैद्यकीय तपासणीच्या तोंडावर अंगावर नायटा दिसणं कुणालाच परवडत नाही. मशीन मानेला गरम लागलं तर लगेच सांगा. उन्हाळ्यात चाळिशीपार तापमानात, घामोळ्यांवर तापलेलं पातं लागलं की दोन दिवस कॉलर सहन होत नाही.

दाढीचं थोडक्यात. वाढीच्या दिशेनं एक हात, गरज पडली तर दुसरा आडवा. गळ्यावर उलटा वस्तरा फिरवून मिळणारा गुळगुळीतपणा संध्याकाळपर्यंत टिकतो, आणि कुरळे केस असतील तर चार दिवसांनी केस आत वळून फोड येतात. दाढीवर इतका कटाक्ष का, तर शिस्त हे एक कारण आणि गॅसचा मुखवटा हे दुसरं: मुखवट्याची कड कातडीला घट्ट बसावी लागते, मध्ये केस आले की हवा आत शिरते. ब्रिटिश लष्करानं मार्च 2024 मध्ये दाढीला परवानगी दिली खरी, पण ती नीट राखलेली हवी आणि कामगिरीची गरज पडली तर काढायचीही. आपल्याकडच्या भूदल-हवाई दलाच्या भरतीला त्या बातमीचा काही उपयोग नाही. मिशी ठेवायची की नाही ते फोटो काढायच्या आधी ठरवा. ओळखपत्रावरचा चेहरा आणि समोरचा चेहरा जुळला पाहिजे.

भरतीवाल्यांसाठी वेळेचं गणित महत्त्वाचं. भूदलाच्या रॅलीच्या कागदपत्रांत जे पासपोर्ट फोटो लागतात ते केस कापलेले आणि दाढी केलेले लागतात, शीख उमेदवार सोडून. हवाई दलाच्या अग्निवीरवायू भरतीच्या अर्जाला छातीपुढं काळी पाटी धरून, तिच्यावर खडूनं नाव आणि तारीख मोठ्या इंग्रजी अक्षरांत लिहून फोटो द्यावा लागतो. केस मात्र त्याच दिवशी कापू नका. मैदानावर महिनोन्‌महिने धावून चेहरा आणि मान रापलेली असते आणि केसांखालची कातडी गोरी राहिलेली असते. ताज्या कटनंतर कानाच्या वर पांढरा पट्टा दिसतो. चार-पाच दिवस आधी कापा, दोन सकाळी उन्हात धावलात की तो रंग बराच मिसळतो आणि वस्तऱ्याचं पुरळही बसतं. पोलीस भरतीच्या 1600 मीटरला किंवा राखीव दलाच्या 5 किलोमीटरला केसांचे गुण नाहीत, पण घाम डोळ्यांत येणं टळतं. आणि उंची मोजताना वर केस फुगवून उपयोग नाही, मोजपट्टीची आडवी दांडी केस दाबूनच टेकवतात.

सलूनमधल्या दोन सेवा मात्र फुकट मिळाल्या तरी नाकारा. कानातला मळ काढून देणं ही पहिली. मेडिकलला कान साफ लागतात हे खरं, पण चिमटा किंवा पिन घालून पडद्याला इजा झाली तर त्याच मेडिकलला तुम्ही बाद. कानाच्या डॉक्टरकडं आठ-दहा दिवस आधी जा. मळ घट्ट असेल तर थेंब टाकून मऊ करायला दिवस लागतात. दुसरी, मालिश झाल्यावर मान कडकन मोडणं. मानेतल्या रक्तवाहिनीला आणि नसांना त्यानं इजा होऊ शकते. हात हनुवटीखाली आला की ‘मान नको’ म्हणा, मालिश खुशाल घ्या.

मुलींसाठी सोलापुरात या कामाचं वेगळं दुकान म्हणावं असं काही नाही, आणि मागणी आता आहे. लष्करी पोलीस दलात महिला जवानांची 83 जणींची पहिली तुकडी 2021 मध्ये बंगळुरूहून बाहेर पडली, एनसीसीच्या मुली तर दर परेडला. पार्लरमध्ये ‘बन’ मागितला की नवरीचा उंच, फुगीर अंबाडा घालून देतात. त्यावर बेरे बसतच नाही, मागून उचललेली राहते. अंबाडा खाली हवा, टोपीच्या कडेच्या खाली आणि कॉलरच्या वर, घट्ट आणि चपटा. केस किंचित ओले करून खाली बांधा, पीळ देऊन गुंडाळा, काळ्या यू पिना चार बाजूंनी आत तिरप्या घाला, वरून काळी जाळी दुहेरी करून. रंगीत रबर, चमकी पिन नको. कपाळावरची बारीक केसं जेलनं बसवा, तेल लावलंत तर धावताना डोळ्यांत उतरतं. पार्लरला एकदा जाऊन हे शिकून घेण्याचे पैसे द्या, दर वेळी घालून घेण्याचे नकोत. रोज अंबाडा जमत नसेल तर कॉलरच्या वर राहील असा आखूड बॉब हा सोपा मार्ग, पण तो कापताना मान पुढं झुकवून नाही, सरळ ठेवून मापायला लावा. झुकवून कापलेला बॉब उभं राहिल्यावर कॉलरला टेकतो.

जाण्याचा दिवस: सोमवारी बहुतेक सलून बंद, रविवारी रांग. मंगळवार ते शुक्रवार दुपारी गेलात तर तोच कारागीर दुप्पट वेळ देतो. आणि दुकानात काम शिकणारा दहावी झालेला पोरगा दिसला तर त्याला सांगा, अग्निवीर ट्रेड्समनच्या यादीत हेअर ड्रेसर हाही एक ट्रेड आहे. वय, उंची, धावणं जमत असेल तर त्यानं अर्जाच्या तारखेवर लक्ष ठेवावं.